‘फक्त शूज काढ, बाकी तू जसा आहेस तसाच राहा’

*पत्र (थोडं कमी करून, ओळख पटेल अशा गोष्टी गाळून):*

*काका, नमस्कार. मी वीस वर्षांचा आहे. अमरावती जिल्ह्यात गावाबाहेर आमचा पारधी बेडा आहे, तीसेक घरं. बारावी झाली, आता पोलीस भरतीची तयारी करतो. सकाळी पाचला डांबरी रोडवर धावतो, मग दिवसभर जे काम भेटेल ते.*

*सोयाबीन सोंगणीच्या वेळी पुण्याहून चार जण आले. बेड्यावर डॉक्युमेंटरी बनवत आहेत. मला म्हणाले, तूच आमचा मेन. अॅक्टिंग करायची नाही, जसा आहेस तसाच राहायचं. तिसऱ्या दिवशी त्यांच्यातली ताई म्हणाली, शूज काढ, टी-शर्ट बदल आणि आजोबासोबत फासे घेऊन बांधावर जा, तितर धरताना दाखवू. मी आयुष्यात दोनदा तितर धरलं असेल. पण शूज काढले आणि गेलो. तितर सापडलं नाही म्हणून ते पुन्हा येणार आहेत. माझा अकरा वर्षांचा भाऊ उनाडताना दाखवला. तो शाळेत जातो, त्या दिवशी रविवार होता. आईचं बाजूच्या शेतकऱ्यासोबत बोरच्या पाण्यावरून भांडण झालं, तेही घेतलं.*

*आता तीन पानांचा इंग्रजी कागद दिला आहे, सही करायला. पैशाचं विचारलं तर म्हणाले, डॉक्युमेंटरीत पैसे देत नसतात, खरेपणा जातो. मित्र म्हणतात, ‘झुंड’ सिनेमातले नागपूरचे पोट्टे, पाय, कुठल्या कुठं गेले, तू येडा हायेस का? माय म्हणते, आपल्या माणसाचा फोटू निघाला की तो ठाण्यात जाऊन बसते. सही करू का नको? भरतीत अडचण येईल का? नाव छापू नका.*

लेकरा,

तुझं पत्र चारदा वाचलं आणि चारही वेळा एकाच ठिकाणी अडलो. रविवार होता. हे दोन शब्द तू जाता जाता लिहून गेलास, पण सगळं दुखणं तिथं आहे. पोरगं रविवारी उनाडतं, ते खरंच आहे, कॅमेऱ्यानं काही खोटं टिपलं नाही. पण पडद्यावर रविवार दिसत नाही. पडद्यावर दिसतं ते बेड्यावरचं, शाळेत न गेलेलं पारध्याचं पोरगं. आणि नागपूरच्या किंवा नेदरलँडच्या कुठल्या हॉलमध्ये बसलेला माणूस मनात म्हणतो, अरेरे.

आधी भरतीचं सांगून टाकतो, कारण रात्री झोप त्यानंच उडत असेल. डॉक्युमेंटरीत दिसला म्हणून कुणी भरतीतून बाद होत नाही. चारित्र्य पडताळणीत बघतात ते तुझ्यावर गुन्हा दाखल आहे का, खटला चालू आहे का, आणि फॉर्ममध्ये तू काही लपवलंस का. सिनेमा हा त्यातला प्रश्नच नाही. पण तितर आहे. तितर धरणं हा 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली गुन्हा आहे, आणि पुन्हा येऊन त्यांना नेमकं तेच शूट करायचं आहे: तुझा चेहरा, तुझं नाव, तुझा हात, हातात जिवंत पाखरू, आणि खाली कदाचित गावाचं नावही. वनखात्याला यापेक्षा वेगळा पुरावा काय लागतो? पोलीस व्हायला निघालेल्या पोरानं स्वतःविरुद्धचा पुरावा फुकटात, अनवाणी पायानं जाऊन तयार करून द्यायचा, हे मला पटत नाही. त्या ताईच्या मनात वाईट असेल असं मी म्हणत नाही. तिला हा कायदा ठाऊक नसेल, किंवा ठाऊक असूनही ‘परंपरा आहे’ असं वाटलं असेल. परंपरेला जामीन मिळत नसतो.

तेव्हा दुसऱ्या फेरीत तितर नाही. हे ठरलंच असं समज. आजोबांनी फासे हातात घेऊन बसावं, दोरीची गाठ कशी मारतात, पाखराची वाट कशी ओळखतात, शीळ कशी घालतात ते सांगावं. तासभर सांगावं. ते गुन्ह्यात बसत नाही, आणि मला विचारशील तर शिकारीपेक्षा ते बघायला जास्त चांगलं.

आता तुझ्या मायचं. मित्र तिला हसले असतील. तूही पत्रात तिचं वाक्य सगळ्यात शेवटी टाकलंस, जसं आपण म्हाताऱ्या माणसांचं टाकतो. पण ह्या सगळ्या प्रकरणात मुद्द्याचं तीच बोलली. इंग्रजांनी 1871 साली कायदा केला आणि जमातीच्या जमाती जन्मानं गुन्हेगार ठरवल्या. नाव नोंदवायचं, हजेरी लावायची, गाव सोडायचं तर परवाना काढायचा. पुढं तो कायदा देशभर पसरवला, बोटांचे ठसेही घेऊ लागले. स्वातंत्र्यानंतरही पाच वर्षं लागली. 31 ऑगस्ट 1952 ला पारध्यांसह ह्या जमाती विमुक्त झाल्या. कागदावर झाल्या. त्यानंतर गावात मोटार चोरीला गेली की जीप आधी कुठं येते, हे तुला मी सांगायला नको. ह्या सगळ्या काळात बाहेरच्या माणसानं पारध्याचा चेहरा टिपला तो बहुतेक वेळा एकाच कामासाठी. तुझ्या मायला डॉक्युमेंटरी म्हणजे काय ते कदाचित कळत नसेल, पण फोटो कुणाच्या हातात जातो आणि तिथं त्याचं काय होतं, हे तिला तुझ्या सिनेमावाल्यांपेक्षा नक्की जास्त कळतं. तिला आडमुठी समजू नको. सही करायच्या आधी तिला त्या चौघांसमोर बसव आणि हेच वाक्य तुमच्या भाषेत बोलू दे. ऐकून ते कसे वागतात ते बघ. कॅमेरा चालू केला, तर सावध हो. कॅमेरा खाली ठेवून ऐकलं, तर माणसं बरी आहेत.

मी हे सगळं कुठल्या अधिकारानं सांगतो, ते आता कबूल करतो. 2006 साली मी यवतमाळकडं होतो. कापसाच्या पट्ट्यात शेतकऱ्यांच्या आत्महत्या दर आठवड्याला पेपरात होत्या, जूनच्या शेवटी पंतप्रधान मनमोहन सिंग येऊन गेले आणि सहा जिल्ह्यांसाठी 3,750 कोटींचं पॅकेज जाहीर झालं. त्यामुळं दिल्ली-मुंबईच्या गाड्यांची रांग लागली होती. मला गावं पाठ, वऱ्हाडी येते, हिंदी बरी. मी त्यांना वाट दाखवायचो. दिवसाचे पैसे मिळायचे.

एका गावात एका बाईच्या घरी गेलो. नवरा जाऊन अडीच महिने झालेले. दोन खोल्या, भिंतीला फोटो, फोटोला हार, कोपऱ्यात निळ्या पत्र्याचा कूलर. पाऊस अजून लागायचा होता, उकाडा असा की कॅमेऱ्यावरून पाणी टपकेल. कॅमेरामननं फ्रेम लावली, मान हलवली आणि मला म्हणाला, वो कूलर हटा दो भाई, अच्छा नहीं लग रहा. मी उचलला. एकट्यानं, पाण्यासकट. दारातून नेताना अर्धं पाणी पायावर सांडलं ते अजून आठवतं. मग तिनं सांगितलं, रडली, विमानाचा आवाज आला म्हणून पुन्हा सांगितलं, पुन्हा रडायला सांगितलं तेव्हा रडू येईना तर म्हणाले, राहू द्या, नुसतं फोटोकडं बघा.

दिवाळीच्या सुमारास त्या रस्त्यानं पुन्हा गेलो तर तिची मोठी पोरगी स्टँडवर भेटली. नववी-दहावीतली असेल. म्हणाली, “काका, तुमच्या टीव्हीत आमचा कूलर नवता. शेजारचे इचारतेत, इकला का? वर्गातल्या पोट्ट्या म्हनतेत, मदत भेटावी म्हनून लपोला.” बाप गेल्याचं ती कुणाला समजावू शकत होती. कूलर कुठं गेला ते नाही. वर्गातल्या पोरींचं म्हणणं एका अर्थी खरंच होतं, कूलर लपवलाच होता. फक्त त्यांनी नाही, मी.

तो कूलर बापानं हप्त्यावर घेतला होता आणि एक हप्ता राहिला होता, हे मला नंतर कळलं. खरी गोष्ट ती होती. कर्ज कसं चढतं ते त्या कूलरनं कुठल्याही तज्ज्ञापेक्षा बरं सांगितलं असतं. तोच आम्ही उचलून बाहेर ठेवला, कारण गरीब घर कसं दिसतं हे आम्ही गावात यायच्या आधीच ठरवून आलो होतो.

पुढं 2008 मध्ये यवतमाळकडच्याच जळक्याच्या कलावतीबाईंचं, आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या विधवेचं, नाव लोकसभेत निघालं आणि त्या वाटेवर कॅमेऱ्यांची अशी रीघ लागली की गावातली पोरं स्वतःच सांगायची, इथं उभे राहा, लाइट चांगला आहे. मी तोवर ते काम सोडलं होतं. फार मोठा त्याग वगैरे नाही, शाळेवर लागलो होतो.

तर तुझे शूज म्हणजे माझा कूलर आहे. ‘जसा आहेस तसाच राहा’ म्हणणारा माणूस ‘शूज काढ’ म्हणतो तेव्हा समजायचं की त्याच्या डोक्यात तुझं चित्र आधीच काढून झालंय, आणि तू त्यात मावत नाहीस. तू कसा आहेस? सकाळी पाचला शूज घालून धावणारा आहेस. ते शूज सोंगणीच्या पैशातून घेतले असशील, नाहीतर बापानं उसने पैसे आणून घेतले असतील. पारध्याचं पोरगं पोलीस व्हायला धावतं, ह्यापेक्षा मोठी गोष्ट तुझ्या बेड्यावर त्यांना कोणती सापडणार होती? आणि नेमकी तीच काढून ठेवायला लावली.

हे आपल्याकडंच होतं असं नाही. 1964 साली इंग्लंडमध्ये टेलिव्हिजनसाठी सात-सात वर्षांची चौदा मुलं निवडली. काही बंगल्यातली, काही गरीब वस्तीतली. ‘सेव्हन अप’ हे त्या फिल्मचं नाव. मग दर सात वर्षांनी त्याच मुलांना पुन्हा गाठत गेले, 2019 पर्यंत. त्यात लंडनच्या कामगार वस्तीतला टोनी नावाचा एक बडबड्या पोरगा होता. तो एकवीस वर्षांचा असताना दिग्दर्शक मायकल ॲप्टेड ह्यांना खात्री वाटली की हा पुढच्या वेळी तुरुंगात असेल. म्हणून त्यांनी त्याला गाडीतून गुन्ह्यांच्या जागा दाखवत फिरायला लावलं, म्हणजे पुढं तो आत गेला की हे फुटेज कामाला येईल. टोनी कुठं आत गेला नाही. टॅक्सी चालवली, लग्न केलं, पोरंबाळं वाढवली. ॲप्टेड ह्यांनी ही चूक नंतर स्वतः उघडपणे सांगितली, म्हणून आपल्याला माहीत आहे. कितीतरी जण सांगत नाहीत. आणि टोनीला निदान पुढच्या सात वर्षांनी पडद्यावर येऊन ते खोटं पाडायची संधी मिळत गेली. तुझ्याकडं कुणी सात वर्षांनी येणार नाही.

‘झुंड’चं. मित्रांना सांग, दोन्ही गोष्टी एक नाहीत. 2022 चा तो सिनेमा कथेचा होता. नागपूरच्या वस्त्यांतली पोरं त्यात होती हे खरं, पण ती पात्रं करत होती. पात्राला वेगळं नाव असतं. पात्रानं चोरी केली तर पोरगा म्हणू शकतो, तो मी नव्हे, तो सिनेमातला. तुला हा आडोसा नाही. तुझं खरं नाव, खरा बेडा, खरी माय. उद्या कुणी त्यातला तीस सेकंदांचा तुकडा कापून रील केला आणि तुमच्या तालुक्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला, तर ‘तो मी नव्हे’ म्हणायची सोय नाही.

ह्यावर तू म्हणशील, मग नकोच. तसं माझं म्हणणं नाही. मनापासून सांगतो, कर. पण तुझ्या अटींवर, आणि अटी घालायची वेळ आत्ता आहे, सही व्हायच्या आधी. आत्ता त्यांना तुझी गरज आहे: चार दिवसांचं शूटिंग झालंय, पुन्हा येण्याचा खर्च ठरलाय, ‘मेन’ तू आहेस. सही झाली की ही गरज संपते.

तो इंग्रजी कागद. असल्या कागदाला रिलीज फॉर्म म्हणतात. मी तुझा पाहिलेला नाही, पण बहुतेक सगळे एकाच साच्यातले असतात. त्यात लिहिलेलं असतं की तुमचा चेहरा, आवाज, नाव आणि तुम्ही सांगितलेली हकीकत आम्ही जगभरात, सगळ्या माध्यमांत, आज असलेल्या आणि पुढं निघतील त्याही, कायमची वापरू. हवी तशी कापू, जोडू. त्याबद्दल तुम्ही काही मागणार नाही आणि तक्रार करणार नाही. ‘कायमची’ ह्या शब्दावर बोट ठेव. तू आज वीसचा आहेस. चाळिसाव्या वर्षी तू हवालदार असशील, तुझी पोरगी कॉलेजात असेल, तेव्हाही हा कागद चालू असेल.

न वाचता सही नाही, आणि त्यांनी वाचून दाखवला म्हणजे वाचला असं नाही. तुमच्या तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. 1987 च्या कायद्यानं अनुसूचित जमातीच्या माणसाला तिथं वकिलाचा सल्ला फुकट आहे, उत्पन्नाची अट नाही. जातीचा दाखला आणि कागद घेऊन जा. वकील वाचून मराठीत सांगेल. अर्धा दिवस जाईल, जाऊ दे. आणि सिनेमावाल्यांना म्हण, मराठीत कागद द्या, एक प्रत माझ्याजवळ राहील. ह्यात त्यांचा अपमान नाही. पुण्याची माणसं आहेत, मराठी येतं.

त्या कागदात काय घालून घ्यायचं, ते त्यांना बसवून बोल. मुख्य म्हणजे फिल्म पक्की होण्याआधी, म्हणजे रफ कट झाला की, तो बेड्यावर आणून तुला आणि तुझ्या मायला दाखवायचा. पुण्याला बोलावून नाही, लिंक पाठवून नाही. त्यात जे चुकीचं आहे, आणि ज्यानं तुमच्यावर संकट येईल, ते काढायचं. ‘आमच्या मनाविरुद्ध काहीच ठेवायचं नाही’ असं मागशील तर कुठलाही दिग्दर्शक मान्य करणार नाही, आणि खरं सांगायचं तर त्यानं करूही नये. फिल्म त्याची आहे, त्याला त्याचं म्हणणं आहे. पण चुकीचं आणि धोक्याचं, एवढं चांगला माणूस काढतोच. रविवार चुकीच्यात येतो. त्यांना सोमवारी सकाळी यायला सांग, दप्तर घेऊन निघालेला भाऊ शूट करा म्हणावं. नाहीतर भाऊ अजिबात नको. अकरा वर्षांच्या पोराची संमती त्याच्या आईबापाची, आणि तुझी माय अजून ‘नाही’ म्हणते आहे. तिचं नाही हे नाही धरायचं. तू मोठा भाऊ असलास तरी त्याच्या वतीनं सही करू नको.

भांडण धोक्याच्यात येतं. बोरच्या पाण्यावरचं भांडण दोन दिवसांनी मिटतं. पडद्यावर ते मिटत नाही. तो शेतकरी पडद्यावर पारध्याच्या बाईला शिव्या देणारा खलनायक होऊन बसेल, आणि हरभऱ्याच्या सोंगणीला तुझी माय त्याच्याच शेतात मजुरीला जाणार आहे ना? सिनेमावाले तेव्हा दुसऱ्या फिल्मवर असतील. ते फुटेज वापरणार नाही, असं लिहून घे. कदाचित कुरकुर करतील, कारण फिल्ममध्ये भांडण म्हणजे सोनं असतं. करू दे.

बघितल्यानंतरसुद्धा मतभेद राहतो, हेही तुला ठाऊक असू दे. उत्तर प्रदेशात ‘खबर लहरिया’ म्हणून खेड्यातल्या बायकांनी, त्यात कितीतरी दलित, 2002 मध्ये वृत्तपत्र म्हणून सुरू केलेली आणि आता डिजिटल झालेली बातम्यांची संस्था आहे. त्यांच्यावर ‘रायटिंग विथ फायर’ ही फिल्म झाली, ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. आणि सगळीकडं टाळ्या पडत असताना, मार्च 2022 मध्ये त्याच बायकांनी जाहीर निवेदन काढलं की फिल्म प्रभावी आहे, पण आमची गोष्ट त्यात अर्धवट आली आहे. त्या स्वतः पत्रकार. त्यांच्याकडं लिहायला स्वतःची जागा होती, म्हणून त्यांचं म्हणणं जगाला ऐकू आलं. तुझ्याकडं ती जागा नाही, म्हणून तुला आधी बोलायचं आहे.

पैशाचं थोडक्यात. ‘पैसे दिले की खरेपणा जातो’ हे वाक्य मी दिल्लीवाल्यांकडूनही ऐकलंय, आणि त्या दिवशी माझे पैसे चोख मिळाले होते. कॅमेऱ्याचं भाडं दिवसावर, आवाज घेणाऱ्याचा मेहनताना दिवसावर, गाडीचं किलोमीटरवर. मग ज्याच्यावर सगळं उभं आहे त्याचाच दिवस फुकट कसा? रडायचे पैसे मागू नको, ते खरंच वाईट. बुडालेल्या रोजीचे माग. रोजगार हमीचा दर 2025-26 साठी दिवसाला 312 रुपये होता, सोंगणीत तुला त्याहून जास्तच पडले असते. चार दिवस तुझे, आजोबांचे निदान दोन. हिशोब कर आणि लाजू नको. फिल्मला पुढं मोठं बक्षीस लागलं, विकली गेली तर काय, तेही आत्ताच विचार. उत्तर काय देतात त्यापेक्षा कसं देतात ते ऐक.

आणि एक गोष्ट मात्र हट्टानं माग, पैसे नाही मिळाले तरी. आजोबांचं जेवढं रेकॉर्डिंग केलं, वापरलेलं आणि न वापरलेलं, सगळं पेनड्राइव्हवर. तुमची भाषा शाळेत शिकवत नाहीत, तुमच्यात म्हातारे किती उरले ते तूच मोज. आजोबांचा आवाज, त्यांच्या शिळा, गाठ मारणारे हात, हे चांगल्या माईकवर पुन्हा कधी कोण घेणार आहे? त्यांच्या हार्ड डिस्कवर ते एक दिवस पुसलं जाईल. तुझ्या घरी राहील. ह्यासाठी तरी ती माणसं पुन्हा आलेली बरी.

एक बारीक गोष्ट, अनुभवातली. ते तुझ्या कॉलरला छोटा माईक लावत असतील, तार शर्टाच्या आतून. कॅमेरा बंद झाला, चहा आला, तू आजोबांशी तुमच्या भाषेत काहीतरी बोललास, मागं जाऊन मित्राला फोन केलास. माईक चालूच असतो. मी माणसांना त्या माईकवर सावकाराला फोन करताना ऐकलंय, हेडफोन कानात घालून, आणि सांगितलं नाही त्यांना. ब्रेक झाला की पहिल्यांदा तो काढून हातात द्यायचा. बोलता बोलता गळा दाटला किंवा नको त्या विषयावर गेलास, तर हात वर करून ‘बंद करा’ म्हणायचं. एकदा म्हणून बघ, सवय होते. भरतीच्या मैदानावर पंचासमोर ताठ उभा राहणार आहेस, इथं काय घाबरायचं?

आणि शूज घालून जा. त्यांना पहाटे पाचला बोलव. अंधार असतो, कॅमेऱ्याला त्रास होईल, म्हणतील उजेड होऊ दे. म्हण, मी पाचलाच धावतो. त्यांच्या गाडीचा उजेड मागून टाका म्हणावं, मी पुढं पळतो. चांगल्या दिग्दर्शकाला हे ऐकूनच कळेल की त्याच्या हातातून काय निसटत होतं. त्या ताईला कळलं, तर बिनधास्त सही कर, माझं काही म्हणणं नाही. आणि एवढं सांगूनही तिला अनवाणीच पाय हवे असतील, तर चहा पाज, बसस्टँडवर सोडून ये, आणि कागद तसाच कोरा परत दे.

शारीरिक चाचणीच्या पन्नास गुणांपैकी वीस एकट्या 1600 मीटरचे आहेत, हे तुला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक असेल. पत्रात तू सगळं लिहिलंस, पण तुझा टायमिंग किती येतो ते लिहिलं नाहीस. ते कळव.

— तुझा काका